पडद्यावरचा पहिला ड्रॅक्युला: कारोय लायताई आणि त्यांचा हरवलेला सिनेमा

ड्रॅक्युला म्हटलं की डोळ्यांसमोर येतो तो काळा झगा, मागे चापून बसवलेले केस आणि रोखून बघणारी नजर. हे रूप दिलं १९३१ च्या हॉलिवूडपटातल्या बेला लुगोसी यांनी. थोडी जास्त माहिती असलेला प्रेक्षक त्याच्याही मागे जातो आणि १९२२ च्या जर्मन 'नोस्फेराटू'चं नाव घेतो. टकला, उंदरासारख्या दातांचा, लांब नखांचा तो काउंट ऑरलॉक. पडद्यावरचा पहिला ड्रॅक्युला कोणता, या प्रश्नाला कित्येक वर्षं हेच उत्तर दिलं जात होतं.

ते उत्तर चुकीचं आहे. 'नोस्फेराटू'च्या आधी, १९२१ साली, एका हंगेरियन दिग्दर्शकाने ड्रॅक्युलाचं नाव थेट शीर्षकात घेऊन एक मूकपट काढला होता. त्याचं नाव 'द्राकुला हालाला', म्हणजे 'ड्रॅक्युलाचा मृत्यू'. (हंगेरियनमध्ये 'हालाल' म्हणजे मृत्यू. आपल्याकडे तो शब्द ओळखीचा वाटतो, पण तो निव्वळ योगायोग.) दिग्दर्शकाचं नाव कारोय लायताई. आज या सिनेमाचं एकही रीळ कुठल्याही संग्रहालयात असल्याची नोंद नाही. उरलंय ते एवढंच: मोजके फोटो, त्या काळच्या नियतकालिकांतल्या काही बातम्या आणि एक छोटंसं पुस्तक. या तुटपुंज्या सामग्रीवरूनच सिनेमाच्या इतिहासातलं एक पान पुन्हा लिहावं लागलं.

कोण हे लायताई?

कारोय लायताई मूळचे मारोशवाशारहेय गावचे. हे गाव ट्रान्सिल्व्हेनियात आहे आणि आज त्याला तिर्गु मुरेश म्हणतात. हा परिसर सेकेय नावाच्या हंगेरियन भाषक समाजाचा. गंमत अशी की ब्रॅम स्टोकर यांच्या १८९७ च्या कादंबरीतला काउंट ड्रॅक्युला स्वतःला याच सेकेय कुळातला म्हणवतो. स्टोकर स्वतः आयुष्यात कधी ट्रान्सिल्व्हेनियाला गेले नव्हते. त्यांनी ग्रंथालयात बसून नकाशे आणि प्रवासवर्णनं वाचली आणि त्यातून तो प्रदेश उभा केला. म्हणजे ड्रॅक्युलाला पडद्यावर पहिल्यांदा आणणारा माणूस खरोखरच त्याच्या 'गाववाल्यां'पैकी निघाला. हे बहुतेकांना ठाऊकच नाही.

लायताई आधी नट, मग दिग्दर्शक. पहिल्या महायुद्धाच्या काळात हंगेरीत सिनेमाचा धंदा जोरात होता. शत्रुराष्ट्रांचे सिनेमे यायचे बंद झाले होते, थिएटरं मात्र रोज भरवायची होती, त्यामुळे स्थानिक निर्मात्यांचं फावलं. नाटकातले नट दिवसा स्टुडिओत आणि रात्री रंगमंचावर अशी कसरत करायचे. याच गर्दीतून तीन माणसं पुढे जगप्रसिद्ध झाली: मिहाय केर्तेस, म्हणजे 'कॅसाब्लांका'चे दिग्दर्शक मायकेल कर्टिझ, शांडोर कोर्दा, म्हणजे अलेक्झांडर कोर्डा, आणि बेला लुगोसी. कोर्डा यांचं नाव कर्नाटकातल्या वाचकांना आणखी एका कारणाने आठवेल. म्हैसूर संस्थानातल्या हत्तीखान्यातला साबू हा पोरगा ज्या 'एलिफंट बॉय'मुळे (१९३७) जगभर गाजला, त्याचे निर्माते हेच.

लायताई यांच्या वाट्याला असं काही आलं नाही. जागतिक सिनेमाच्या जाडजूड इतिहासांमध्ये त्यांच्या नावापुढे एखादी ओळ सापडली तरी नशीब. कुणी त्यांचं चरित्र लिहिलं नाही, कुणी त्यांच्या नावाने महोत्सव भरवले नाहीत. ते आज ज्या एका कारणासाठी लक्षात आहेत, नेमकी तीच गोष्ट हरवलेली आहे.

पळापळीची वर्षं

हा सिनेमा ज्या काळात झाला तो काळ समजून घेतल्याशिवाय त्याच्या गायब होण्याचा अर्थ लागत नाही. १९१८ मध्ये युद्ध संपलं आणि ऑस्ट्रिया-हंगेरीचं साम्राज्य मोडलं. मार्च १९१९ मध्ये हंगेरीत कम्युनिस्टांची सत्ता आली. ती १३३ दिवस टिकली. एवढ्या थोडक्या काळात तिने एक मोठी गोष्ट केली: देशातला सगळा सिनेउद्योग सरकारी करून टाकला. असं करणारा हंगेरी हा जगातला पहिला देश. ऑगस्टमध्ये ती सत्ता कोसळली, पाठोपाठ सूडाचं सत्र सुरू झालं आणि त्या काळात पुढे पुढे करणाऱ्या कलावंतांची धरपकड होऊ लागली. नटांची संघटना बांधण्यात पुढे असलेले लुगोसी देश सोडून गेले. केर्तेस व्हिएन्नाला गेले. कोर्डा यांना अटक झाली, सुटताच त्यांनीही व्हिएन्नाच गाठलं. त्यांनी बुडापेस्टमध्ये उभा केलेला कोर्विन स्टुडिओ मागे राहिला.

त्यात जून १९२० मध्ये त्रियानोनचा तह झाला आणि हंगेरीचा दोन तृतीयांश भूभाग शेजारी देशांकडे गेला. लायताई यांचं जन्मगाव रुमानियात गेलं. एका रेघेने लाखो हंगेरियन भाषक परक्या राज्यात गेले. भाषा एक, राज्य दुसरं. सीमाभागातल्या वाचकाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

अशा वेळी लायताई यांनी हा सिनेमा हाती घेतला. आतली दृश्यं कोर्डा यांच्या मागे उरलेल्या त्याच कोर्विन स्टुडिओत घेतली. बाहेरच्या चित्रीकरणासाठी ते ऑस्ट्रियात गेले: व्हिएन्ना, तिथलं श्टाइनहोफचं प्रसिद्ध मनोरुग्णालय आणि डॅन्यूबच्या काठची वाखाऊ खोरं. कॅमेऱ्यामागे एदुआर्द होश आणि लायोश गासर. पटकथेच्या श्रेयात लायताई यांच्या जोडीला मिहाय केर्तेस यांचं नाव येतं आणि नायकाची भूमिका केर्तेस यांच्याच भावाने, देझ्यो केर्तेस यांनी, केली आहे. म्हणजे साम्राज्य तुटलं तरी बुडापेस्ट आणि व्हिएन्ना यांच्यातली कलावंतांची ये-जा तुटली नव्हती.

गोष्ट काय होती?

स्टोकर यांची कादंबरी हंगेरियन वाचकांना नवीन नव्हती. १८९८ मध्येच, म्हणजे मूळ पुस्तकानंतर वर्षभरात, ती बुडापेस्टच्या एका दैनिकात क्रमशः छापून आली होती. तरीही लायताई यांनी कादंबरीची गोष्ट घेतलीच नाही. नाव घेतलं, भीती घेतली आणि बाकी सगळं स्वतःचं रचलं. त्या काळच्या एका हंगेरियन सिनेमासाप्ताहिकाने तर मूळ कादंबरी एच. जी. वेल्स यांची असल्याचंही छापलं. तेव्हा स्टोकर हे नाव तिथे कितपत रुजलं होतं याचा अंदाज त्यावरून येतो.

सिनेमाची नायिका मेरी लँड ही डोंगरातल्या खेड्यात शिवणकाम करून पोट भरणारी मुलगी. आई वारलेली, वडील शहरातल्या वेड्यांच्या इस्पितळात. वडिलांची प्रकृती खालावल्याचं कळतं तेव्हा ती त्यांना भेटायला जाते. तिथे एक उंच, काळ्या कपड्यांतला रुग्ण तिच्यासमोर येतो. हा एकेकाळी तिला संगीत शिकवणारा मास्तर. आता तो म्हणतो, मी ड्रॅक्युला आहे आणि मला मरण नाही.

पुढचा प्रसंग वाचतानाही अंगावर येतो. इस्पितळातलेच दोन रुग्ण डॉक्टरांचं सोंग घेतात. मेरीला 'तुला उपचाराची गरज आहे' असं सांगून टेबलावर बांधतात आणि शस्त्रक्रियेची तयारी करू लागतात. खरे डॉक्टर ऐन वेळी पोचतात म्हणून ती वाचते. या प्रसंगात ना रक्तपिपासू आहे, ना भूत, ना जादू. भीती आहे ती एवढीच की पांढरा कोट घातलेला माणूस कोण आहे हे आपल्याला कळत नाही. शंभर वर्षांपूर्वीच्या भयपटातला हा तुकडा आजच्या कुठल्याही दिग्दर्शकाने वापरावा इतका ताजा आहे.

मग वडील जातात. मेरीला रात्री इस्पितळातच थांबावं लागतं आणि त्या रात्री, किंवा त्या रात्रीच्या स्वप्नात, ड्रॅक्युला तिला आपल्या गढीवर उचलून नेतो. तिथे त्याच्या आधीच्या बायका आहेत. मेरीशी लग्नाचा विधी सुरू होतो. ती गळ्यातला क्रूस त्याच्यासमोर धरते, तो मागे हटतो आणि ती बर्फातून धावत सुटते. गावकरी तिला वाचवतात, पण तो तिथेही पोचतो. शेवटी ती इस्पितळातच जागी होते.

शेवट तर फारच वेगळा. इस्पितळात उंच टोपी घालून फिरणारा एक विनोदी रुग्ण आहे. त्याच्या हाती भरलेलं पिस्तूल लागतं. स्वतःला अमर समजणारा ड्रॅक्युला खुशाल छाती पुढे करतो आणि त्याला म्हणतो, झाड गोळी. गोळी झाडली जाते आणि ड्रॅक्युला जागीच मरतो. ना लाकडी खुंटी, ना लसूण, ना सूर्यप्रकाश. एका वेड्याने दुसऱ्या वेड्याला मारलं, एवढंच. त्याच्या खिशात एक वही सापडते. त्यात त्याने आपल्या अमर आयुष्याची हकिगत लिहून ठेवलेली असते.

तो खरोखर पिशाच्च होता की भ्रमिष्ट संगीतकार? गढीवरची रात्र घडली की मेरीने स्वप्नात पाहिली? सिनेमा याचं नीट उत्तर देत नाही. आदल्याच वर्षी, फेब्रुवारी १९२० मध्ये, बर्लिनला 'द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगरी' झळकला होता. त्यातही सगळी गोष्ट एका वेड्यांच्या इस्पितळात जाऊन पोचते. त्या युद्धात लाखो तरुण डोक्याने खचून परत आले होते आणि मध्य युरोपातली इस्पितळं त्यांनी भरली होती. त्या पिढीला भयपट काढायला पडक्या किल्ल्यापेक्षा इस्पितळ जास्त जवळचं वाटलं असेल, तर नवल नाही.

ड्रॅक्युलाची भूमिका केली होती ऑस्ट्रियन नट पाउल आस्कोनास यांनी. त्यांचे जे फोटो उरले आहेत त्यात सुळे नाहीत, रक्त नाही. आहेत ते फक्त विस्फारलेले डोळे. पुढे १९२४ च्या 'द हँड्स ऑफ ऑरलॅक' या गाजलेल्या भयपटातही ते दिसतात. नायिकेच्या बाबतीत मात्र घोळ आहे. काही ठिकाणी मार्गित लुक्स यांचं नाव मिळतं, काही ठिकाणी लेने मिल या नटीचं. सिनेमाच समोर नाही म्हटल्यावर पडद्यावर बघून खात्री करायची सोय नाही.

तारखेचा गोंधळ

'नोस्फेराटू' ४ मार्च १९२२ रोजी बर्लिनमध्ये पहिल्यांदा दाखवला गेला. 'द्राकुला हालाला'चं चित्रीकरण १९२१ च्या सुरुवातीला झालं आणि त्याच वर्षी तो व्हिएन्नात दाखवला गेला. पण खुद्द हंगेरीत तो लागायला एप्रिल १९२३ उजाडला. झालं असं की नंतर सिनेमांच्या याद्या करणाऱ्यांनी हंगेरीतली तारीख धरली आणि पुस्तकांमधून १९२३ हेच साल छापत राहिलं. १९२३ धरलं की 'नोस्फेराटू' पहिला ठरतो आणि लायताई आपोआप दुसऱ्या नंबरवर जातात. पुढच्या लेखकांनी आधीच्यांचं बघून लिहिलं. मूळ कागद बघायला बुडापेस्टला जाणार कोण, आणि गेलं तरी हंगेरियन वाचणार कोण?

हे कोडं सुटलं ते जुन्या हंगेरियन नियतकालिकांमुळे. चित्रीकरण चालू असताना १९२१ मध्येच तिथल्या सिनेमा-नाटकाच्या साप्ताहिकांनी बातम्या आणि फोटो छापले होते. भयपटांचे अभ्यासक गॅरी र्‍होड्स यांनी ही सामग्री एकत्र करून २०१० मध्ये 'हॉरर स्टडीज' या संशोधनपत्रिकेत सविस्तर लेख लिहिला आणि 'द्राकुला हालाला' हाच पडद्यावरचा पहिला ड्रॅक्युला, हे पुराव्यानिशी मांडलं. १९२० साली रशियात ड्रॅक्युलावर एक सिनेमा झाला होता असंही अधूनमधून सांगितलं जातं, पण त्याला आधार देणारा एकही कागद पुढे आलेला नाही.

एक फरक मात्र मान्य करायला हवा. 'नोस्फेराटू'ने नावं बदलली पण गोष्ट स्टोकर यांचीच घेतली. लायताई यांनी नाव घेतलं, गोष्ट मात्र सोडली. त्यामुळे कादंबरीवरचा पहिला सिनेमा कोणता असं विचारलं तर मान 'नोस्फेराटू'कडेच जातो. ड्रॅक्युला हे पात्र पडद्यावर पहिल्यांदा कुणी आणलं असं विचारलं तर उत्तर लायताई.

तेमेश्वारचं पुस्तक

आज सिनेमाची गोष्ट इतक्या बारकाव्याने सांगता येते ती एका पुस्तकामुळे. १९२४ च्या सुमारास लायोश पांत्सेल यांनी या सिनेमावरून एक छोटी कादंबरिका लिहिली. त्या काळी गाजलेल्या सिनेमांच्या गोष्टी स्वस्त पुस्तकांतून विकण्याची पद्धत होती. आपल्याकडेही थिएटराबाहेर सिनेमाच्या गाण्यांच्या चोपड्या मिळायच्या, साधारण त्यातलाच प्रकार. दोन आण्याचा माल, वाचायचा आणि टाकून द्यायचा. असं पुस्तक जपून ठेवण्याच्या लायकीचं कुणाला वाटत नाही.

हे पुस्तक छापलं गेलं तेमेश्वारला. म्हणजे आजच्या रुमानियातलं तिमिश्वारा. तोवर ते गाव हंगेरीच्या हातातून गेलेलं होतं, पण हंगेरियन वाचणारे तिथे होते आणि त्यांच्यासाठी छापणारेही होते. बेला लुगोसी यांचं गाव लुगोश याच भागातलं. त्यांनी आपलं पडद्यावरचं आडनाव त्याच गावावरून घेतलं. पुस्तकाची एक प्रत बुडापेस्टच्या राष्ट्रीय ग्रंथालयात टिकून राहिली आणि अनेक दशकांनी अभ्यासकांच्या हाती लागली. र्‍होड्स यांच्या लेखाबरोबर तिचा इंग्रजी अनुवादही आला. राजधानीत तयार झालेला सिनेमा हरवला आणि सीमेपलीकडच्या गावात छापलेल्या चोपडीने त्याची गोष्ट वाचवली.

अर्थात पुस्तक म्हणजे सिनेमा नव्हे. लेखकाने किती पदरचं घातलं, किती गाळलं, हे ताडून बघायला दुसरी बाजूच नाही. प्रकाश कसा टाकला होता, गढीच्या प्रसंगात कॅमेरा कुठे होता, ती ऑपरेशनच्या टेबलाची दृश्यं लोकांना बघवली का, यातलं काहीच शब्दांतून कळत नाही. मूकपटाचा जीव त्याच्या चित्रांत असतो आणि नेमकी चित्रंच गेली.

सिनेमे हरवतात कसे?

त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची. सेल्युलोज नायट्रेट हा पदार्थ बंदुकीच्या दारूचा जवळचा नातेवाईक. एकदा पेटला की जळताना स्वतःच ऑक्सिजन तयार करतो, त्यामुळे पाण्यात बुडवला तरी विझत नाही. पेटला नाही तरी सुखाने जगतो असंही नाही. उष्ण, दमट जागेत ठेवला की आधी चिकट होतो, मग रिळं एकमेकांना चिकटून विटेसारखी होतात आणि शेवटी डब्यात उरते तपकिरी भुकटी. म्हणून गोदामवाल्यांना जुनी रिळं नकोशी व्हायची. शिवाय फिल्मवरच्या थरात चांदी असते. सिनेमा उतरला, बोलपट आले, मूकपट बघायला कुणी येईना. मग रिळं धुवून चांदी काढायची आणि उरलेलं विकून टाकायचं, हा सरळ हिशेब होता.

अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये एक अहवाल काढला. तिथल्या सुमारे ११ हजार मूक कथापटांपैकी मूळ स्वरूपात पूर्ण शिल्लक आहेत ते फक्त १४ टक्के. ही अवस्था पैसेवाल्या हॉलिवूडची. टॉड ब्राउनिंग यांनी लॉन चेनी यांना घेऊन केलेला 'लंडन आफ्टर मिडनाइट' (१९२७) हा जगातला सगळ्यात प्रसिद्ध हरवलेला भयपट. त्याची शेवटची माहीत असलेली प्रत १९६० च्या दशकात कंपनीच्या गोदामाला लागलेल्या आगीत गेली. पण ब्राउनिंग यांचं नाव मोठं, कंपनी मोठी, त्यामुळे फोटोंचा ढीग शिल्लक होता आणि २००२ मध्ये त्या फोटोंवरून सिनेमाची पुनर्रचनासुद्धा झाली. लायताई यांच्या सिनेमाचे तेवढे फोटोही नाहीत.

आपल्याकडचं चित्र याहून वाईट. भारतात मूकपटांच्या काळात सुमारे १,३०० सिनेमे झाले. त्यातले पूर्ण किंवा तुकड्यांत उरलेले जेमतेम दोन-तीन डझन. दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र'चीही (१९१३) पूर्ण प्रत नाही. बेळगावपासून हाकेच्या अंतरावर कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी काढलेला 'सैरंध्री' (१९२०) गेला. सावकाराच्या पाशात अडकलेल्या शेतकऱ्याची गोष्ट सांगणारा त्यांचा 'सावकारी पाश' (१९२५), ज्यात तरुण व्ही. शांताराम होते, तोही गेला. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालं तोवर उशीर झाला होता. पी. के. नायर यांनी नाशिकपासून कलकत्त्यापर्यंत पायपीट करून जे मिळालं ते गोळा केलं. त्यातलंही काही जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्मच्या कोठाराला लागलेल्या आगीत गेलं.

न्यायाधीशाने जाळायला लावलेला सिनेमा वाचला

इथे एक विचित्र विरोधाभास आहे. 'नोस्फेराटू' काढणाऱ्यांनी स्टोकर कुटुंबाची परवानगी घेतली नव्हती. स्टोकर यांच्या विधवा पत्नी फ्लोरेन्स यांनी चिकाटीने खटला चालवला आणि १९२५ मध्ये जर्मन न्यायालयाने सिनेमाच्या सगळ्या प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. कायद्याने मारलेला सिनेमा. पण तोवर प्रती देशोदेशी गेल्या होत्या. कुणी लपवल्या, कुणी विसरले, कुणी नकला काढल्या. आज तो मोबाइलवरही बघता येतो. 'द्राकुला हालाला' नष्ट करायला मात्र कुणी हुकूम काढला नाही, कुणी खटला भरला नाही. बाईंना अशा सिनेमाचा पत्ता लागला असता तर कदाचित कोर्टाची कागदपत्रं तरी उरली असती. ज्याच्यामागे कुणी लागलं नाही, तो मागमूस न ठेवता गेला.

यात लहान भाषेचा आणि लहान बाजारपेठेचाही वाटा आहे. जर्मन सिनेमा लंडन, पॅरिस, न्यूयॉर्कला जायचा. शंभर प्रती निघाल्या तर एखादी कुठेतरी टिकायची शक्यता असते. त्यात हंगेरीवरून दुसरं महायुद्ध गेलं. १९४४-४५ च्या हिवाळ्यात बुडापेस्टला वेढा पडला, शहराचे पूल आणि घरं उद्ध्वस्त झाली. हंगेरीच्या मूकपटांपैकी बहुतेक आज नाहीत, एकटा लायताई यांचाच सिनेमा गेला असं नव्हे.

सापडेल का?

सापडू शकतो. या क्षेत्रात अशक्य म्हणायची सोय नाही. कार्ल ड्रायर यांच्या 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क'ची (१९२८) अस्सल प्रत गेली असं धरून सगळे बसले होते. १९८१ मध्ये ती ऑस्लोजवळच्या एका मनोरुग्णालयाच्या कपाटात मिळाली. 'मेट्रोपोलिस'चे कापलेले भाग २००८ मध्ये अर्जेंटिनातल्या ब्यूनोस आयर्सला निघाले. आणि या गोष्टीशी सगळ्यात जवळचं उदाहरण म्हणजे मिहाय केर्तेस यांचाच १९१४ चा 'अ तोलोंत्स'. तोही हरवलेल्यांच्या यादीत होता. न्यूयॉर्कमधल्या एका हंगेरियन संस्थेच्या तळघरात त्याची प्रत मिळाली, दुरुस्त झाली आणि शंभर वर्षांनी पुन्हा पडद्यावर आली. देश सोडताना माणसं काय काय सोबत घेऊन जातात, सांगता येत नाही. भाषेच्या ओढीने परदेशात काढलेली मंडळं आणि त्यांची कुलूपबंद कपाटं हा इतिहासकारांसाठी मोठा खजिना असतो.

अडचण वेगळीच आहे. मूकपटाला भाषा नसते. मधल्या पाट्या बदलल्या की तो कुठल्याही देशाचा होतो. परदेशात विकताना नावं सर्रास बदलली जायची. सुरुवातीचं रीळ सगळ्यात आधी खराब होतं आणि नाव नेमकं तिथेच असतं. त्यामुळे हा सिनेमा ऑस्ट्रियात, रुमानियात किंवा एखाद्या खासगी संग्राहकाच्या माळ्यावर भलत्याच नावाने, किंवा नावाशिवाय, पडून असू शकतो. डब्यावर 'अनोळखी, जर्मन, १९२० च्या आसपास' अशी चिठ्ठी लावलेली रिळं जगभरच्या संग्रहालयांत शेकड्यांनी आहेत.

अशा रिळांमध्ये काय शोधायचं, हे पांत्सेल यांच्या पुस्तकामुळे आणि त्या मोजक्या फोटोंमुळे आता ठाऊक आहे. टेबलावर बांधलेली मुलगी आणि तिच्यावर वाकलेले दोन तोतया डॉक्टर. बर्फातून धावणारी बाई. डोळे विस्फारलेला, काळ्या कपड्यांतला उंच पुरुष. आणि त्याच्यासमोर पिस्तूल घेऊन उभा असलेला उंच टोपीवाला.